कोमोडो ड्रॅगन अंगावर आला तर: अंतर, काठी आणि चावल्यानंतरची पहिली दहा मिनिटं

रानवेडा (धागाकर्ता)

"कोमोडोला चाललोय, ड्रॅगन अंगावर आला तर काय करू?" हा प्रश्न दर दोन महिन्यांनी कुठल्या ना कुठल्या धाग्यात उगवतो आणि खाली ठरलेली उत्तरं पडतात. नागमोडी पळा, मेल्याचं सोंग घ्या, झाडावर चढा, पाण्यात उडी टाका. यातलं एक उत्तर अर्धं बरोबर आहे, बाकीची जिवावर बेतणारी. म्हणून सगळं एका जागी आणतोय. जाणकारांनी भर घालावी, चुकलं तिथे कान धरावा.

आधी प्राणी. हा घोरपडीच्याच कुळातला. तिथले लोक त्याला 'ओरा' म्हणतात. इंडोनेशियातली कोमोडो, रिंचा, गिली मोतांग, नुसा कोडे ही बेटं आणि फ्लोरेसचा थोडा भाग, एवढंच याचं राज्य. पूर्ण वाढलेला नर अडीच मीटरच्या आसपास, वजन ७० ते ९० किलो. कोमोडो राष्ट्रीय उद्यानाच्या नोंदीत १९७४ ते २०१२ या काळात माणसांवरचे २४ हल्ले आहेत, त्यांतले ५ जीवघेणे. म्हणजे सहल रद्द करावी इतका धोका नाही, पण "अहो, माणसाळलेले असतात ते" असं म्हणणाऱ्या माणसाच्या मागे उभं राहू नये इतका नक्की आहे.

आता तो चावतो कसा, कारण पुढचं सगळं यावर अवलंबून आहे. हरणं-डुकरं ज्या वाटेने जातात तिच्या कडेला हा मातीच्या रंगात मिसळून पडून राहतो आणि जवळ आलं की एका झेपेत पाय किंवा पोट धरतो. जबड्याची ताकद मगरीच्या पासंगालाही पुरत नाही. पण दात साठेक, मागे वळलेले, कडेला करवतीसारखे बारीक दाते. धरलं की तो मान आणि पुढचे पाय लावून मागे ओढतो. विळीवर भाजी चिरताना विळी स्थिर असते आणि भाजी हलते. इथे भाजी (म्हणजे तुमची पोटरी) जागेवर आणि विळी मागे खेचली जाते. म्हणून जखम चिरडल्याची नसते, लांब आणि खोल कापल्याची असते. माणूस दगावतो तो रक्त जाऊन.

मुद्दा क्रमांक एक म्हणून अंतर. रेंजर (उद्यानाचे रक्षक) साधारण पाच मीटर राखायला सांगतात. ओरा थोडं अंतर ताशी २० किलोमीटरच्या आसपास धावू शकतो. म्हणजे सेकंदाला साडेपाच मीटर. गणित करा: पाच मीटर म्हणजे एक सेकंद सुद्धा नाही. ते अंतर चालतं, कारण मधे काठी घेतलेला माणूस उभा असतो आणि जनावर बहुतेक वेळा आडवं पडलेलं असतं. जे चालत येतंय त्याच्यासाठी पाच मीटर पुरेसे नाहीत, दहा-पंधरा हवेत. आणि रेंजरशिवाय उद्यानातल्या वाटांवर जायला मुळात परवानगीच नाही, तेव्हा "आम्ही आपले लांबूनच बघू" हा मार्ग बाद.

शंकासुर

छान धागा, वाचनखूण साठवली. दोन बाळबोध शंका. (१) ताशी २० म्हणजे धडधाकट माणूस पळून निसटू शकत नाही का? (२) चार उत्तरांतलं अर्धं बरोबर कोणतं?

काळाकातळ

दुसरी शंका आधी. झाडावर चढणं अर्धं बरोबर. पूर्ण वाढलेला ओरा वजनामुळे झाडावर चढू शकत नाही. पिल्लं मात्र पहिली काही वर्षं झाडावरच राहतात, मोठ्यांनी खाऊ नये म्हणून. पण मोठा मागच्या पायांवर आणि शेपटीच्या टेकूवर उभा राहून वरचं ओढू शकतो, तेव्हा खालच्या फांदीवर पाय लोंबकळत बसणं म्हणजे ताट वाढून ठेवणं. दोन्ही पाय निदान तीन मीटर वर हवेत. शिवाय त्या बेटांवर बहुतेक उघडं गवताळ माळरान. उंच ताडाची झाडं आहेत, त्यांच्यावर चढणं हे कसबी माणसाचं काम. २००९ मध्ये कोमोडोवर सीताफळं काढायला झाडावर चढलेला एक गावकरी खाली पडला आणि खाली असलेल्या दोन ड्रॅगननी त्याला धरलं, त्यात तो गेला. झाड वाचवतं ते वर टिकून राहिलात तरच.

बाकीच्या तिघांची वासलात:

मेल्याचं सोंग. हा प्राणी मेलेलं खातो. कितीतरी किलोमीटरवरून सडक्या मांसाचा वास काढत येणाऱ्या जनावरापुढे मढ्यासारखं पडायचं, यापेक्षा वाईट सल्ला शोधून सापडणार नाही.

पाणी. ओरा उत्तम पोहतो. आणि रिंचावरच्या ज्या धक्क्यावर उतरतात त्या लोह बुआया या नावाचा अर्थच 'मगरींची खाडी'.

नागमोडी पळणं. हे मगरीच्या गप्पांमधून इकडे आलंय आणि तिथेही ते खोटंच आहे. वळण घेताना वेग तुमचाच कमी होतो.

आता पळण्याचं. सपाट रस्त्यावर, बूट घालून, तरणाबांड माणूस थोड्या अंतरात त्याला मागे टाकेल, कारण त्याची धाव छोटी असते. पण तिथे सपाट रस्ता नाही. गुडघाभर गवत, त्यात दगड, उन्हाने चक्कर, गळ्यात कॅमेरा. पडलात की खेळ संपला. आणि पाठ दाखवून पळणं हे शिकारी प्राण्याला आमंत्रण असतं. जो नुसता बघत होता तोही उठतो. माझं मत: पळायचं फक्त तेव्हा, जेव्हा तो खरोखर धावत सुटलाय आणि वीस-पंचवीस पावलांत जिना, दार किंवा बोटीचा धक्का आहे. एरवी तोंड त्याच्याकडे ठेवून तिरकं मागे सरकायचं आणि मधे झाडाचं खोड, बाकडं, काहीतरी आडवं घ्यायचं.

तिरकस

कोण उठणार आणि कोण लोळत पडणार हे आधी कळतं. बघायला शिकलं पाहिजे.

पोट टेकून, पाय मागे टाकून, डोळे अर्धे मिटलेला: उन्हं खातोय किंवा जेवण जिरवतोय. जवळ मात्र जाऊ नये. "झोपलाय" हा निष्कर्ष काढणारा आपण, झोपणारा तो.

डोकं खाली, पिवळी दुभंगलेली जीभ दर पावलाला आत-बाहेर, मान डावीकडून उजवीकडे झाडू मारल्यासारखी फिरतेय: तो वास पकडतोय. जिभेच्या दोन टोकांवर येणारा वास टाळूतल्या जेकबसनच्या अवयवापर्यंत पोचवतो आणि कुठल्या टोकाला जास्त लागला त्यावरून दिशा ठरवतो. हे डोलणं थांबून तो सरळ रेषेत तुमच्याकडे यायला लागला की त्याला उत्तर मिळालेलं असतं. इथेच हालचाल करायची, नंतर नाही.

गळा फुगवलेला, फुस्सकन लांब श्वास, अंग आडवं रुंद केलेलं, शेपूट एका बाजूला धनुष्यासारखी ओढून धरलेली: ही धमकी आहे. त्याला कोंडल्यासारखं वाटतंय. वाट मोकळी करून द्या. शेपटीचा फटका माणसाला आडवा करण्याइतका असतो आणि आडवं होणं म्हणजे काय ते वर काळाकातळने लिहिलंय.

तोंडातून लाळेच्या तारा आणि त्यात रक्त दिसलं तर "आत्ताच कुणाला तरी खाल्लं" असं समजायची गरज नाही. त्याचे दात जवळपास पूर्ण हिरड्यांत झाकलेले असतात, खाताना स्वतःचीच हिरडी कापली जाते. रक्त त्याचंच असतं.

खडीसाखर

कपडे-पिशव्यांबद्दल कुणी लिहिलं नाही अजून.

पायात घोटा झाकणारे बंद बूट, लांब जाड पॅंट. अडीच सेंटिमीटरपर्यंतचा दात पॅंटने अडत नाही हे खरं, पण नखं आणि ओझरता चावा अडतो, आणि मुख्य म्हणजे चपलेत मुरगळतो तसा पाय मुरगळत नाही.

खायचं काहीही सोबत नको. वाळवलेले मासे, मांसाचे पदार्थ तर अजिबात नको. पिशवी खांद्यावरून लोंबती नको, पाठीला घट्ट. लोंबणारी, हलणारी गोष्ट त्याचं लक्ष ओढते.

अंगावर ओली जखम असेल किंवा पाळी चालू असेल तर सुरुवातीलाच रेंजरला सांगायचं, असा तिथला नियम आहे. लाजायचं काही नाही, त्यांना रोजचं आहे. बहुधा गटाच्या मधे, काठीवाल्याच्या जवळ चालायला सांगतात.

मुलं मधे, हात धरून. उकिडवं बसू द्यायचं नाही. बसलेलं माणूस त्याच्या नजरेला हरणाच्या पाडसाएवढं. २००७ मध्ये कोमोडोवर आठ वर्षांच्या मुलाचा जीव गेला, तेव्हा हा नियम मोठ्यांनी मनावर घ्यावा.

फोटो! ड्रॅगनच्या मागे वाकून, जणू हात लावतोय असे जे फोटो दिसतात त्यात माणूस बरेच मीटर मागे उभा असतो. रेंजर फोन जमिनीलगत धरून पुढून टिपतो, म्हणून दोघं चिकटल्यासारखे दिसतात. हे न कळता खरोखर जवळ जाणारे महाभाग असतात. २०१७ मध्ये एक पर्यटक ठरलेल्या वाटा सोडून, गावाजवळ बकऱ्या खाणाऱ्या ड्रॅगनचे फोटो काढायला गेला आणि पायाला चावून घेतलं. खात असलेल्या जनावराजवळ तर जायचंच नाही, कारण तिथे एक नसतो. वासाने आणखी चार वाटेत असतात आणि ते तुमच्या पाठीमागून येतात.

काळाकातळ

+१. शेवटचं वाक्य ठळक करून वाचा.

काठीबद्दल राहिलं. रेंजरच्या हातात दोनेक मीटरची, टोकाला बेचकं असलेली लाकडी काठी असते. ती मारायला नसते. मारलं की तो चिडतो, आणि मोठ्याच्या डोक्यावर, अंगावर कातडीखाली हाडांच्या बारीक तुकड्यांचं चिलखत असतं. काठी काय, सुरीही नीट लागत नाही. बेचकं तो पुढे आला की मानेला किंवा नाकपुडीच्या वर टेकवायचं आणि सगळं वजन काठीवर टाकून डोकं बाजूला ढकलायचं. बाजूला, मागे नाही. सत्तर किलोचं जनावर सरळ मागे ढकलणं कठीण, पण डोकं वळलं की अंग वळतं. दोनतीनदा झालं की बहुतेक वेळा तो कंटाळून दिशा बदलतो.

हातात काठी नसेल तर ट्रायपॉड, छत्री, पाठीवरची पिशवी. पिशवी दोन्ही हातांनी गुडघ्यांच्या पातळीवर पुढे धरा, कारण तो तिथेच येणार. त्याने पिशवी धरली तर सोडून द्या. ओढाओढी करायची नाही. पिशवीत अडकलेला जबडा म्हणजे तुमच्या पायापासून लांब असलेला जबडा. पासपोर्ट आत ठेवू नका, एवढंच.

आणि अवांतर: यशवंती घोरपडीच्या गोष्टीवर वाढलेल्यांना 'घोरपड चिकटते' हे डोक्यात पक्कं असतं. ओरा तसा चिकटून राहत नाही. चावतो, ओढतो, सोडतो, पुन्हा चावतो. दोन चाव्यांच्या मधली ती फट हीच सुटायची संधी.

शंकासुर

म्हणजे पाय तोंडात सापडलाच तर झटका देऊन ओढायचा नाही?

रानवेडा

नाही. तो झटका त्याचंच काम करतो. दात मागे वळलेले. तुम्ही ओढलंत की करवत चालते. पाय त्याच्या तोंडाच्या दिशेला, आत ढकलल्यासारखा धरा (मनाला पटत नाही, पण दाताची दिशा बघा), हाताने, दुसऱ्या पायाच्या बुटाने, दगडाने डोळे आणि नाकपुड्यांवर सतत मारा. बरोबरच्यांनी बेचकं मानेवर दाबायचं आणि दुसऱ्याने जबड्याच्या कोपऱ्यातून काठी घालून उचकटायचं. पकड दुबळी आहे ती इथे उपयोगाला येते. उभं राहायचं काहीही करून. पडलात तर गुडघे पोटाशी, हनुवटी छातीला, हात मानेवर, आणि बूट त्याच्या तोंडाकडे.

सुटल्यावर लगेच उंचावर किंवा दारामागे. रक्ताचा वास सुटला की बाकीचे येतात, त्यामुळे पट्टी बांधायला जागेवर बसू नका. पन्नास पावलं दूर, काठीवाले दोघं पाठीशी, मग पट्टी. रक्त चिळकांड्या मारत असेल तर मात्र चालता चालता मुठीने दाब द्यायला सुरुवात.

वैद्यबुवा

आता माझ्या प्रांतातलं. सगळ्यात जास्त गैरसमज इथे आहेत, म्हणून लांब लिहितो.

"त्याच्या लाळेत भयंकर जंतू असतात, चावलेला प्राणी आठवडाभरात सडून मरतो" ही कथा विसरा. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात अमेरिकेतल्या प्राणिसंग्रहालयांतल्या १६ ड्रॅगनची तोंडं तपासली. इतर मांसाहारी प्राण्यांच्या तोंडात सापडतात तसलेच जंतू मिळाले. मुळात ही कथा रुजली म्हशींमुळे. म्हैस तिथली मूळची नाही, माणसाने नेलेली. ती चावा सोडवून पळते आणि सवयीने डबक्यात बसते, शेणामुताच्या पाण्यात. जखम तिथे चिघळते.

२००९ मध्ये विषांचे अभ्यासक ब्रायन फ्राय आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की खालच्या जबड्यात विषग्रंथी आहेत. नागासारखा पोकळ दात नाही. विष दातांच्या मधल्या फटींतून जखमेत झिरपतं. त्यातले घटक रक्त गोठू देत नाहीत आणि रक्तदाब पाडतात. म्हणजे खोल कापलेली जखम आणि वरून न थांबणारं रक्त. यावर उतारा म्हणून कुठलीही लस नाही आणि सर्पदंशाची लस इथे निरुपयोगी आहे, कुणी आग्रह केला तरी.

त्यामुळे क्रम असा.

माणसाला आडवा करा. उघड्या हातांनी, कापडाने, जे असेल त्याने जखमेवर थेट दाब. दोन्ही तळहात, कोपरं सरळ, शरीराचं वजन. दहा मिनिटं घड्याळ लावून. मधे उचलून "थांबलं का" बघायचं नाही. बहुतेक जण इथेच चुकतात: दर मिनिटाला कापड उचलतात, गुठळी निघते, पुन्हा शून्यापासून सुरुवात.

जखम खोल असेल तर वरवर कापड ठेवून भागत नाही. गॉजची पट्टी बोटाने जखमेच्या तळापर्यंत कोंबायची, जिथून रक्त येतंय तिथपर्यंत, घडी घालत घालत, काठोकाठ भरेपर्यंत. मग त्यावर दाब. दुखतं, ओरडेल माणूस. ओरडतोय म्हणजे शुद्धीवर आहे. कापड भिजलं तर पहिलं काढायचं नाही, दुसरं वर.

हाता-पायातून रक्त उसळत असेल किंवा एवढं करून थांबत नसेल तर टॉर्निके, म्हणजे दांडीने पिळून आवळायचा, रक्त थांबवणारा रुंद पट्टा. जखमेच्या पाच ते सात सेंटिमीटर वर, गुडघ्या-कोपराच्या सांध्यावर नाही. रक्त थांबेपर्यंत दांडी पिळायची. अर्धवट पिळलेला पट्टा उलट जास्त रक्त घालवतो, कारण वर जाणाऱ्या शिरा बंद होतात आणि धमनी चालूच राहते. वेळ लिहायची. डॉक्टरकडे पोचेपर्यंत सैल करायचा नाही. दोन तासांपर्यंत पायाला सहसा काही होत नाही; त्याहून जास्त लागले तरी पट्टा तसाच, कारण पाय नंतरची गोष्ट आहे. बुटाची नाडी, दोरी, तार यांचं टॉर्निके होत नाही, कातडी कापते. रुंद पट्टा, रुंद ओढणी आणि पिळायला मजबूत काठी असेल तर चालेल.

रक्त आटोक्यात आल्यावरच धुवायचं. पिण्याच्या स्वच्छ पाण्याने, निदान एक लिटर, २० मिलीच्या सिरिंजने जोराची धार मारत. पण गॉज कोंबलेली असेल किंवा टॉर्निके लावलं असेल तर धुण्याचा हट्ट नको, ते इस्पितळात.

करू नका: चीर देणं, तोंडाने ओढणं, हळद-कॉफी-राख भरणं, बर्फ, दारू. वेदनेसाठी ॲस्पिरिन किंवा आयबुप्रोफेन अजिबात नको, रक्त आणखी पातळ होतं. पॅरासिटामॉल चालतं. माणूस घामेजला, गार पडला, बडबडायला लागला तर तोंडाने काही देऊ नका, अंगावर पांघरूण घाला, आडवा ठेवा. उन्हात असला तरी पांघरूण. रक्त गेलेलं शरीर स्वतःला गरम ठेवू शकत नाही आणि गार पडलेलं रक्त आणखी गोठत नाही.

तिरकस

फ्रायच्या विषावर सगळ्यांचं एकमत नाही हो. नुसत्या कापल्याने आणि धक्क्याने जनावर पडतं, विषाचा वाटा किरकोळ, असं म्हणणारेही अभ्यासक आहेत.

वैद्यबुवा

आहेत. तो वाद रंगतदार आहे आणि त्यावर वेगळा धागा होऊ शकेल, पण रोग्याला त्याने काडीचा फरक पडत नाही. दोन्ही बाजू खऱ्या धरल्या तरी पहिली दहा मिनिटं तीच: दाब, गॉज, पट्टा.

इस्पितळात काय सांगायचं ते लिहून ठेवा, कारण सगळ्याच डॉक्टरांनी हा चावा पाहिलेला नसतो. चावा कोमोडोचा, किती वाजता, टॉर्निके कधी लावलं. रक्त गोठण्याच्या चाचण्या आल्यावर एकदा आणि काही तासांनी पुन्हा. एक्स-रे, कारण दात तुटून आत राहतात (त्याला काय, नवे येत राहतात). पायाची बोटं वर-खाली हलवून बघणं, स्नायुबंध तुटलाय का ते कळतं. धनुर्वाताची सुई. प्रतिजैविकं डॉक्टर ठरवतील. आणि शक्यतो जखम पहिल्याच दिवशी टाके घालून बंद करू नये. खोल चाव्याची जखम स्वच्छ करून उघडी ठेवतात आणि काही दिवसांनी, पू नाही याची खात्री झाल्यावर शिवतात. घाईने शिवलेली जखम आतून चिघळते आणि मग दोष 'लाळेतल्या जंतूंना' दिला जातो.

दर्यावर्दी

या सगळ्यात एक गोष्ट धरलेली नाही: तुम्ही बेटावर आहात. जवळचं इस्पितळ फ्लोरेसवर, लाबुआन बाजोला. साध्या लाकडी बोटीने रिंचाहून दोनेक तास, कोमोडोहून तीन-चार. स्पीडबोटीने कोमोडोहून तासाभरात. म्हणून चावा झाल्या झाल्या एकाने जखम धरायची आणि दुसऱ्याने रेंजरच्या वायरलेसवर स्पीडबोट मागवायची. "आपली बोट इथेच आहे ना" म्हणून लाकडी बोटीत घालून निघालात तर अर्धा दिवस गेला. लाकडी बोटीने निघायलाच लागलं तर वाटेत स्पीडबोट गाठा, समुद्रात माणूस हलवता येतो.

बोटीत माणूस मधोमध, फळीवर आडवा, डोकं पाठच्या बाजूला. पुढचं टोक जास्त आपटतं. उलटी होतेय असं वाटलं तर कुशीवर. दाब देणारा माणूस दर दहा मिनिटांनी बदला, लाटांत हात भरून येतात आणि न कळत ढिले पडतात.

मोठी शस्त्रक्रिया लागली तर विमानाने बालीला नेतात. यापूर्वी चावलेल्या रेंजरांनाही तिकडेच नेलेलं आहे. प्रवासविमा काढताना 'वैद्यकीय स्थलांतर' हा शब्द पॉलिसीत आहे का बघा. नसेल तर तो विमा प्रवासाचा नाही, सामानाचा.

आणि बोटीवर राहणाऱ्यांसाठी: रात्री किनाऱ्यावर उतरू नका, शेकोटीवर मासे भाजायला तर नकोच.

खडीसाखर

एक विसरलेलंच. इमारतीत आलो म्हणजे सुटलो असं नाही. कोमोडोवरच्या लोह लियांग आणि रिंचावरच्या लोह बुआया या रेंजरांच्या ठाण्यांवर स्वयंपाकघराच्या वासाने ड्रॅगन घराखाली, जिन्याखाली येऊन पडलेले असतात. तिथली घरं खांबांवर उंच बांधलेली आहेत ती काही शोभेसाठी नाही. २००९ मध्ये रिंचावर एक ड्रॅगन जिना चढून रेंजरच्या खोलीत शिरला, टेबलाखाली बसला आणि आत आलेल्या रेंजरला चावला. दार उघडल्यावर आधी टेबलाखाली बघायचं, मग बसायचं. शौचालयात जाताना सुद्धा. हसू नका.

रानवेडा

ऋतूचं राहिलं, ते घालून थांबतो. मे ते ऑगस्ट जुगण्याचा काळ. नर एकमेकांशी उभ्याने झोंबतात, तेव्हा त्यांना तुम्ही दिसतच नाही. धोका अंगावर कोसळण्याचा. सप्टेंबरच्या सुमारास मादी अंडी घालते, बऱ्याचदा मेगापोड पक्ष्याने केलेल्या मातीच्या ढिगात, आणि काही महिने आसपास राखण करते. वाटेत पालापाचोळा मिसळलेला, भोकं पाडलेला मातीचा मोठा ढीग दिसला तर तो ओलांडायचा नाही, लांबून वळसा. ही मादी भूक म्हणून नाही, राग म्हणून येते आणि तिला पिशवी देऊन फसवता येत नाही.

दिवसात सकाळी अंग तापलं की ते हिंडायला लागतात, भर दुपारी सावलीत पडतात. निवांत बघायचे असतील तर दुपार, हलते बघायचे असतील तर सकाळ. काठीवाले दोघं, एक पुढे एक मागे, आहेत याची खात्री करून निघा. सगळ्यात मागे रेंगाळणारा बनू नका. १९७४ मध्ये एक वयस्क स्विस पाहुणे थकले म्हणून गटामागे एकटे बसले. मागाहून त्यांचं थोडं सामान सापडलं, ते नाही. थकलात तर सगळ्यांनी थांबायचं.

शंकासुर

डॉक्टरसाहेब, शेवटचं. सोबत न्यायची पेटी नक्की किती? आणि टॉर्निकेची वेळ कपाळावर लिहायची असं कुठेतरी वाचलंय.

वैद्यबुवा

दांडीचं तयार टॉर्निके दोन (मांडीला कधी कधी एक पुरत नाही). दहा सेंटिमीटर रुंदीचे गॉज रोल तीन. पंधरा सेंटिमीटरची ताणाची पट्टी दोन. हातमोजे दोन जोड, २० मिलीची सिरिंज, बोथट टोकाची कात्री, चंदेरी पांघरूण, शिट्टी, दोन लिटर पाणी. सगळं एका पिशवीत, आणि ती पिशवी गटातल्या पुढून दुसऱ्या माणसाकडे. बोटीवर ठेवलेल्या पेटीचा उपयोग बोटीवरच होतो. टॉर्निके निघायच्या आधी स्वतःच्या मांडीवर दोनदा लावून बघा. वेष्टनातून पहिल्यांदा बाहेर काढायची ती वेळ नसते.

कपाळाचं म्हणाल तर तिथल्या उकाड्यात दहा मिनिटांत घामाने पुसलं जातं. वेळ टॉर्निकेच्या पांढऱ्या पट्टीवर लिहा, ती त्यासाठीच असते. मार्कर न पुसणारा घ्या आणि टोपण दाताने उघडता येतंय का बघून घ्या, कारण तेव्हा दुसरा हात मोकळा नसतो.